पाहुण्यांचं पाणी

"लिहा हिवाळे," जानराव म्हणाले. "भाग एक : नाही. भाग दोन अन् तीन : प्रश्न उद्भवत नाही. झालं. तार जाऊ द्या."

दयाराम हिवाळेने टाक दौतीत बुडवला. जळगाव जामोदच्या तहसील कचेरीत त्याला लागून सात महिने झाले होते आणि नेमणूक अजून हंगामी होती. एकोणीसशे पासष्ट सालचा डिसेंबर होता. नागपूरला विधानसभेचे अधिवेशन चालू होते. तिथला एक तारांकित प्रश्न खात्यातून बुलढाण्याला आणि कलेक्टर कचेरीतून खाली उतरत त्याच्या टेबलावर येऊन पडला होता.

सावरखुटा, तालुका जळगाव, येथील सार्वजनिक विहिरीचे पाणी खारे असून पिण्यास अयोग्य आहे, हे खरे आहे काय? असल्यास, शासनाने कोणती उपाययोजना केली? नसल्यास, विलंबाची कारणे काय?

उत्तराची तार संध्याकाळी पाचच्या आत बुलढाण्याला जायची होती.

जानराव अव्वल कारकून होते आणि पुढच्या वर्षी निवृत्त व्हायचे होते. याच खुर्चीत बसून त्यांनी आधी मध्य प्रदेशाच्या सभागृहाला, मग द्विभाषिक मुंबईच्या आणि आता महाराष्ट्राच्या सभागृहाला उत्तरे पाठवली होती. "सभागृहं बदलली, खुर्ची तीच," असे ते म्हणत. नव्या कारकुनाला त्यांनी पहिल्याच दिवशी समजावले होते, की मंत्री उभे राहून जे सांगतात, ते आधी कुठल्यातरी तालुक्यात कुणीतरी टाकाने लिहिलेले असते.

"होय लिहिलं का पुढले सारे भाग गळ्यात पडतेत," ते आता म्हणाले. "अन् तुम्ही तं पाणी चाखून आले. गोड हाय म्हनता."

"गोडच होतं," दयाराम म्हणाला.

तेवढ्यात दारात एक बाई उभी राहिली. पन्नाशीची, नेसण ठाकठीक, हातात पितळी लोटा, त्याचे तोंड फडक्याने घट्ट बांधलेले.

"कालचे साहेब कुठी बसतेत?" तिने विचारले आणि दयाराम दिसताच सरळ त्याच्या टेबलाशी आली.

दयाराम उठून उभा राहिला. ती सावरखुट्याच्या पोलीस पाटलाची, उत्तमरावाची आई होती. सत्यभामाबाई. काल दुपारी पाटील घरी नव्हते, तेव्हा तिनेच त्याला ओसरीवर बसवले होते.

"साहेब, म्या काल तुम्हाले पानी देलं," ती म्हणाली. "ते आमच्या गावचं नव्हतं."

"म्हंजे?" जानरावांनी चष्मा वर केला.

"पाव्हण्यायचं पानी होतं ते. माहा पोरगा आठ दिवसातून एक डाव सातपुड्याच्या पायथ्याहून बैलगाडीनं आनते. दोन पिंपं. पाव्हणा, बाळंतीन अन् दुखनेकरी, एवढ्यायलेच देतो. आम्ही घरचे सारे इहिरीचंच पेतो."

"मंग काल काऊन नाही सांगितलं, बाई?"

"इचारलं कोनं? हे म्हने सरकारी कामानं आलो. मले वाटलं, जमीन मोजनीचे असतीन. दारात आलेल्या मानसाले खारं पानी देऊ का म्या? माह्या मायनं तसं नाही शिकोलं." तिने लोटा टेबलावर ठेवला. "सांजीले पोरगा वरवट बकालहून आला अन् बोलला, ते मानूस पान्याच्याच चौकशीले आलता. मले जेवन गेलं नाही. आमदारसाहेबाले कार्ड कोनं लिहिलं? म्या! मास्तराले बसून सांगितलं, या पान्यात दाळ शिजत नाही, साबनाले फेस येत नाही, चुलीवरच्या भांड्याले आतून पांढरं कवच धरते. तिकून सरकारनं मानूस धाडला, अन् म्याच त्याले गोड पानी पाजून वापस लावला!"

जानरावांनी फडके सोडले, कचेरीच्या पेल्यात घोटभर ओतले आणि तोंडाला लावले. तोंड वाकडे करत ते खिडकीशी गेले आणि बाहेर थुंकले.

"अरे बाप रे! हे पेता तुम्ही?"

"बत्तीस वर्सं झाले लग्नाले," सत्यभामाबाई म्हणाली.

आवाज ऐकून तहसीलदार आतल्या खोलीतून बाहेर आले. ते साताऱ्याकडून बदलून आलेले, कमी बोलणारे गृहस्थ होते. त्यांनी सगळे ऐकून घेतले, लोट्यातले पाणी स्वतः चाखले, मग दयारामचा कालचा अहवाल उचलून वाचला.

"'पाणी चाखून पाहिले, गोड आहे.' कुठे चाखलंत?"

"पाटलांच्या घरी, साहेब."

"आणि विहीर?"

"पाहिली. लांबून."

"पाणी काढलं नाहीत?"

"नाही, साहेब."

"का?"

हंगामी माणसाचा खोटा अहवाल म्हणजे काय, हे दयारामला ठाऊक होते. एका ओळीच्या शेऱ्यावर तो आपल्या गावी, जानेफळला परत गेला असता.

तहसीलदारांनी कागद खाली ठेवला. "हिवाळे, तुम्ही जे चाखता ते सभागृहाने चाखलं असं धरतात. तिथे एकदा 'नाही' छापलं गेलं की त्या गावाचं पाणी कागदावर गोड झालं. मग पाच-दहा वर्षं कुणी विचारायचं नाही." ते बाईंकडे वळले. "तुमचा लोटा मला पटला, बाई. पण उत्तराला तो चालत नाही. आमच्या माणसाने स्वतः विहिरीतून काढलेलं, स्वतः प्यालेलं पाणी हवं." मग पुन्हा दयारामकडे : "साडेअकराची गाडी आहे. दोन बाटल्या भरून आणा. पाचच्या आत."

"अहवालाचं काय, साहेब?"

"नवा लिहा. पहिल्यात चूक झाली, असं त्यातच लिहा."

गाडीत सत्यभामाबाईने त्याला शेजारीच बसवून घेतले. बाहेर कपाशीची वेचणी उरकत आली होती.

"एक इचारू का, भाऊ? इहीर घरापासून चाळीस पावलं. तुम्ही काऊन नाही गेले?"

दयारामने बाटल्या मांडीवर नीट धरल्या. काल तिने गाव, आडनाव विचारले होते आणि त्याने सरळ सांगितले होते. आम्ही बौद्ध, असेही सांगितले होते. ती क्षणभर थांबली होती. मग आत जाऊन पितळी पेला पुसत बाहेर आली आणि तो तिने त्याच्या हातात दिला होता.

"जानेफळात माही माय इहिरीच्या बाजूले घागर घेऊन बसे," तो म्हणाला. कचेरीतली त्याची भाषा कधी गळून पडली, त्याला कळले नाही. "कोनी वरून ओतलं तं पानी. नाही ओतलं तं बसून राहाचं. म्या ओंजळीनंच पेलो मॅट्रिक होयेपर्यंत. काल तुमच्या इहिरीवर बाया होत्या. दोराले हात लावाले मन झालं नाही. अन् मंग तुम्ही पेला देला. म्या पेलो. मंग पाह्यलं, तुम्ही तो कुठी ठेवता."

"कुठी ठेवला?"

"फळीवर. बाकीच्या पेल्यायच्या रांगीत."

सत्यभामाबाईने पदर सावरला.

"त्या पान्यापुढं इहीर पाहाची राहूनच गेली, बाई. हे साहेबाले कसं सांगू?"

"नका सांगू," ती म्हणाली. "साहेबाले पानी पाह्यजे. ते नेऊ."

विहीर गावाच्या मध्यावर होती, दगडी बांधणीची, काठावर एक लोखंडी चाक. चौघी-पाचजणी पाणी भरत होत्या. पाटलाच्या आईबरोबर कालचा साहेब परत आलेला पाहून त्या वळून पाहू लागल्या; तो कोण, हे कालच गावभर झाले होते. सत्यभामाबाईने कुणाला काही समजावले नाही. बादली उचलली आणि दोरासकट त्याच्या हातात दिली.

दयारामला पाणी शेंदता येत नव्हते. विहिरीच्या कडेला बसून वाट कशी पाहायची, एवढेच त्याला येत होते. त्याने दोर सोडला, चाक करकरले, बादली पाण्यावर आपटली आणि आडवी तरंगत राहिली. त्याने घाईने वर ओढली, तर तळाशी वीतभर पाणी.

"साहेब, बादली बुडू तं द्या!" चांगुणा नावाची तरणी बाई म्हणाली. "दोराले हिसका द्या जरासा. हाव, असा!"

बाया हसल्या. तोही हसला. दुसऱ्या खेपेला बादली काठोकाठ भरून आली. हातावर दोराचा वळ उठला होता. त्याने ओंजळ भरली आणि यावेळी त्याच्या ओंजळीत वरून कुणी ओतले नव्हते. पाणी प्याला. मिठाचा आणि कशाचा तरी कडवट स्वाद जिभेच्या मागे रेंगाळला. आणखी एक ओंजळ प्याला, म्हणजे लिहिताना शंका राहू नये. मग दोन्ही बाटल्या भरून त्याने बुचे लावली, आणि कागदाच्या पट्टीवर गाव, तारीख आणि वेळ लिहिली : एक वाजून दहा मिनिटे.

तो बादली खाली ठेवू लागला.

"थांबा," सत्यभामाबाई म्हणाली. तिने आपली घागर पायाने त्याच्यापुढे सरकवली. "आता हात बसलाच हाय, तं माही घागर भरून द्या."

दयारामने बादली पुन्हा सोडली, हिसका दिला, ओढली. दोन बादल्यांत घागर भरली. सत्यभामाबाईने ती उचलून कमरेवर घेतली. एक म्हातारी आपली रिकामी घागर घेऊन मुकाट्याने घराकडे निघून गेली. चांगुणा क्षणभर तिच्या पाठीकडे पाहत राहिली, मग तिने आपली कळशी पुढे केली.

"माही बी भरा. पन सांडू नका, खारं असलं तरी पानीच हाय."

दयाराम गाडी धरून परतला तेव्हा साडेचार वाजले होते. त्याने पहिल्या ओळीतच आपली चूक लिहिली आणि दुसऱ्या ओळीत, स्वतः पाणी काढून प्यालो, खारे आहे, असे लिहिले. तार चार पन्नासला गेली. एक बाटली कलेक्टर कचेरीकडे रवाना झाली. तहसीलदारांनी कोणताही शेरा मारला नाही.

फाल्गुनात छापील उत्तर आले. भाग एक : होय. भाग दोन : नवीन विहिरीसाठी योग्य जागेची पाहणी करण्यात येत आहे. भाग तीन : प्रश्न उद्भवत नाही. त्यात कुणा कारकुनाचे, कुणा बाईचे नाव नव्हते, असणारही नव्हते.

"एवढ्या एका शब्दासाठी मरमर केली तुम्ही," जानराव म्हणाले, पण तो कागद त्यांनी दोन्ही हातांनी धरून वाचला होता.

दयारामने ते उत्तर एका कार्डावर जसेच्या तसे उतरवून सावरखुट्याला पाठवले. खाली लिहिले : आपला आभारी, दयाराम हिवाळे. आठ दिवसांनी मास्तरांच्या अक्षरातले उत्तर आले.

'कार्ड पोचले. विहिरीवर वाचून दाखवले. जागा पाहाले येसान तवा घरी या. आता पाहुण्यांचं पाणी देणार नाही. आम्ही पेतो तेच देईन. पेला फळीवर हाये.'

दयारामने ते दोनदा वाचले आणि खिडकीतल्या दुसऱ्या बाटलीला टेकवून ठेवले. बूच सैल होते; पाणी बोटभर उडाले होते, आणि जिथपर्यंत ते होते तिथे काचेवर एक बारीक पांढरी रेघ उमटली होती.