दांग आजोबांचं गाणं मी पुसलं

मी जिंगशूचा कॅमेरा बोलतोय. लुआन जिंगशू ही चीनमधल्या शिआन शहरातल्या एका टीव्ही केंद्रात माहितीपट करणारी बाई. जुने कारागीर, विसरत चाललेली गाणी यांच्यामागे ती जन्मभर हिंडली. त्यातली बारा वर्षं मी तिच्या खांद्यावर होतो.

एका हिवाळ्यात आम्ही दांग आजोबांच्या गावी गेलो. ते चामड्याच्या बाहुल्यांनी सावल्यांचा खेळ करत. एक अख्खं नाटक फक्त त्यांनाच पाठ होतं. कुठं लिहिलेलं नव्हतं.

"आधी शेवया खा गं पोरी," आजी म्हणाली, "म्हातारा कुठं पळून जातोय?"

"पळालो असतो," आजोबा म्हणाले, "पण हिच्या शेवयांनी पाय जड झालेत!"

तीन दिवस त्यांनी ते नाटक गायलं. आवाज चिरका, पण युद्ध हरलेली राणी बोलू लागली, की माझ्या काचेला टेकलेला जिंगशूचा डोळा ओला व्हायचा.

केंद्रानं त्यातली पाच मिनिटं दाखवली. पुढं जिंगशू आजारी आईकडे गेली असताना कोऱ्या टेप संपल्या. केंद्राच्या साहेबांनी आजोबांच्याच टेप माझ्यात घालायला लावल्या. एका कारखान्याचं उद्घाटन होतं. भाषणं झाली, टाळ्या झाल्या. एकेक टाळी आजोबांच्या गाण्यावर बसत गेली. मला ओरडता येत नाही.

कळलं तशी जिंगशू मला घेऊन गावी धावली. आजोबांना अर्धांगवायू झाला होता. वाचा गेली होती. त्यांनी नुसतं तिच्याकडे पाहिलं.

"शहरातल्यांना आवडलं का, विचारतायत," आजी म्हणाली.

खोटं बोलता आलं असतं. "आजोबा, सगळं पुसलं गेलं. टेप मी जवळ ठेवायला हव्या होत्या."

"घसा फाटेस्तोवर गायला गं तो!" आजी कडाडली.

आजोबांनी चांगला हात पुढं केला. राणीची बाहुली मागितली. भिंतीवरच्या उन्हात त्यांनी तिला अकरा मिनिटं चालवलं, एका शब्दाशिवाय. मी ते टिपलं. पीचची झाडं फुलायच्या आत ते गेले.

त्याच चित्रणानं जिंगशूचं नाव झालं. लोक म्हणायचे, "काय सुंदर शांतता!" ती घरी येऊन म्हणायची, "शांतता कसली? ते गाणं होतं."

गेल्या वर्षी जिंगशूही गेली. तिच्या बहिणीनं मला कापडात गुंडाळून ठेवलंय. माझ्या टेप चालवणारं यंत्र आता मिळत नाही. मला काही नको. तुमच्या घरी कुणी म्हातारं माणूस गात असेल, तर माझ्यासारख्यावर विसंबू नका. जवळ बसा, आणि एक तरी ओळ पाठ करा.