थोरल्या बाईंचा चहा

"वास बघ गं जरा," म्हणत थोरलीने पुदिन्याची टोपली धाकटीच्या नाकाशी नेली. "आज वाफ्यावर एक मधमाशी दिसली नाही. मला काही बरं वाटत नाही."

कप विसळता विसळताच धाकटीने मान पुढे केली. "झकास आहे की. आभाळ आलंय, म्हणून नसतील माश्या. करा तुम्ही चहा."

थोरलीने पानं धुवायला घेतली.

काचेच्या कारखान्याच्या कॅन्टीनमध्ये दोघी जावा कामाला होत्या. नवरा गेल्यावर थोरलीला इथे घेतलं होतं. पुढे दिराचं काम सुटलं, तेव्हा मॅनेजरच्या मागे लागून लागून तिनेच धाकटीला आत आणलं. कारखान्यात त्यांना थोरल्या बाई आणि धाकट्या बाई म्हणत. चहा मात्र थोरल्या बाईंचाच. भट्टीपुढे भाजून निघालेली माणसं सुट्टी झाली की आधी त्या पातेल्याकडे वळत.

मागच्या भिंतीशी पाणी साचायचं, तिथे तिने कधीतरी चार काड्या खोचल्या होत्या. पुदिन्याची जात चिवट. वरून कापावा तर खालून हातपाय पसरतो. बघता बघता भिंतीच्या टोकापर्यंत वाफा झाला. अर्धा ती कापायची आणि अर्धा फुलू द्यायची. त्या जांभळट तुऱ्यांवर दिवसभर मधमाश्यांचा बाजार भरे.

"पुदिना पानांसाठी लावतात, बाई," माळी कुरकुरायचा.

"त्यांना नको का सुट्टीतला चहा?" थोरली म्हणायची.

गेल्या थंडीत तिला ताप आला. ताप उतरला, पण जाताना वास घेऊन गेला. पानं चुरगळून नाकाशी धरली तरी नुसता गारवा लागे, वास नाही. कॅन्टीनमधल्या बाईला वास येत नाही हे कळलं तर दुसऱ्या दिवशी घरी बसावं लागणार. तिने हे एकट्या धाकटीला सांगितलं.

"घाबरता कशाला? माझं नाक आहे ना," धाकटी म्हणाली होती.

"दोघींत एकच नाक," थोरली हसली होती. "सांभाळ हं. कापलं गेलं तर दोघींचं जाईल."

तेव्हापासून दूध असो, पीठ असो, फडकं असो, धाकटी हुंगून सांगे आणि थोरली डोळे मिटून विश्वास ठेवी.

त्या दिवशी सुट्टीची घंटा झाली. पहिलाच घोट घेऊन भट्टीवरचा म्हातारा थुंकला. "बाई, यात काय घातलंत? नुसता औषधाचा वास मारतोय!"

तोवर घाईत असलेल्यांनी कप रिकामे केले होते. दुपारपर्यंत दहा-बारा जण ओकत होते. एकाला दवाखान्यात न्यावं लागलं. मॅनेजर तणतणत कॅन्टीनमध्ये आला आणि त्याने पातेल्यावरचं झाकण उचललं.

"इतका उग्र दर्प! तुम्हाला कळला नाही?"

थोरलीने धाकटीकडे पाहिलं. धाकटी टेबल पुसत होती. पुसलेलंच परत पुसत होती.

"साहेब," ती मान वर न करता म्हणाली, "त्यांना वासच येत नाही. थंडीपासून."

तेवढ्यात माळी धावत आला. "साहेब, अळ्या पडल्या होत्या, म्हणून काल संध्याकाळी फवारा मारला. पण पानं तोडू नका म्हणून सांगून ठेवलं होतं मी!"

"कुणाला?"

"बाईंना."

"कुठल्या बाईंना?"

माळ्याने तोंड उघडलं. धाकटीचा हात फडक्यावर थांबला. ती भिंतीसारखी पांढरी पडली होती. थोरलीला काय ते कळलं. त्याच क्षणी घरही तिच्या डोळ्यांपुढे आलं. दारात बसून राहणारा दीर, शाळेत जाणारी पुतणी. दोघी घरी बसल्या तर चूल कशावर पेटायची?

"मला सांगितलं होतं," ती म्हणाली. "माझ्या ध्यानातून गेलं."

माळी तिच्याकडे बघत राहिला. मग त्याने नजर खाली वळवली.

दोघी घरी निघाल्या. कोपऱ्यावर थोरली थांबली.

"का गं?"

"मला वाटलं, कडू लागेल, लोक नावं ठेवतील, तेवढंच," धाकटी रडत म्हणाली. "कुणाला बाधेल असं वाटलं नव्हतं. ताई, ज्याच्या त्याच्या तोंडी थोरल्या बाई, थोरल्या बाई. तुमच्यासाठी हुंगायचं मी, आणि चहा तुमचा. किती दिवस तुमचं नाक होऊन राहायचं?"

"मला म्हणाली असतीस तर पातेलं तुझ्या हातात दिलं असतं."

"दिलं असतं, तेच तर. तुम्ही दिलेलं. नोकरी तुम्ही दिलेली, पातेलंही तुम्हीच दिलेलं."

थोरली पुढे चालू लागली.

दवाखान्यातला माणूस बरा होऊन परतला. थोरलीला मात्र कुणी परत बोलावलं नाही. वाफा मुळाशी छाटला, नवी पानं फुटली, तशी भट्टीवरच्या माणसांनी पुन्हा तोच चहा मागितला. आता वाफा सगळाच कापला जाई. माश्या नकोत, असं साहेबांनी बजावलं होतं.

एका सकाळी थोरली पुतणीची वेणी घालत बसली होती. धाकटी कामाला निघाली, दारापर्यंत गेली आणि घुटमळली. चपलेत पाय सरकवून नुसतीच उभी राहिली.

"ताई, चहा तुमच्यासारखा होत नाही. कडवट येतो. म्हातारा तर कप तसाच ठेवून जातो." तिने उंबऱ्याकडे बघत विचारलं, "पानं कधी घालायची?"

थोरलीचा कंगवा केसांतच थांबला. काही न सांगणं अगदी सोपं होतं. उलटं सांगणं त्याहून सोपं.

"पाणी खाली उतरवल्यावर," ती म्हणाली. "उकळायची नाहीत. चुरगळायचीही नाहीत. घातली की लगेच झाकण ठेव, आणि कुणी कितीही घाई केली तरी उघडू नकोस."

धाकटीने मान हलवली. ती कामाला निघून गेली.

थोरलीने पुतणीची हनुवटी धरून डोकं समोर वळवलं, आणि पुसट झालेला भांग पुन्हा सरळ पाडला.