सहादूरावांची तपासणी

नाशिकरोडला ‘प्रेस’ म्हटले की वर्तमानपत्र कोणाच्या मनात येत नाही. नोटांचा छापखाना येतो. सहादूराव गायधनी तिथे तपासणीस होते. छापून आलेला कागद उजेडाखाली धरायचा, रेघ कुठे तुटली आहे का, शाई पसरली आहे का ते पाहायचे आणि दोष दिसला की कागद बाद करायचा, हे त्यांचे काम. निवृत्तीबरोबर नोकरी सुटली, नजर सुटली नाही. लग्नपत्रिका हाती आली की त्यांना मुहूर्ताच्या आधी गणपतीच्या सोंडेवर पसरलेली शाई दिसे. एकदा एका हॉटेलात वेटर वही सरसावून उभा राहिला, तेव्हा मेनूकार्ड डोळ्यांशी धरून त्यांनी विचारले होते, “आधी मला सांग, हे छापलं कुठं?”

त्यांच्या पत्नी उज्वलाताई कॉलेजात सेंद्रिय रसायनशास्त्र शिकवीत. फळ्यावर त्या षटकोन असा काढीत की खडू एकदा टेकला तो सहा कोपरे फिरूनच उचलला जाई. मुले त्यांच्या फळ्याचे मोबाईलवर फोटो काढीत. तास संपला की शिपाई येई, “मॅडम, पुसवत नाही हो,” असे म्हणे आणि पुसून टाकी. इतक्या वर्षांत त्यांनी काढलेला एकही रेणू पुढच्या तासापर्यंत टिकला नव्हता. येत्या मे महिन्यात त्याही निवृत्त होणार होत्या. त्यामुळे मेनरोडवरच्या एका प्रकाशकाने पदवीच्या पुस्तकात ‘रेणूंची त्रिमितीय रचना’ हे प्रकरण लिहिण्यास सांगितले, तेव्हा वरकरणी त्या फक्त “बघू” म्हणाल्या, पण त्या रात्री त्यांना झोप लागली नाही. छापलेले कोणी पुसू शकत नाही, एवढाच विचार त्यांच्या मनात होता.

प्रकाशकाची अट होती : आकृत्या हाताने काढलेल्या चालणार नाहीत, सॉफ्टवेअरमध्ये काढून हव्यात, आणि पंधरवड्यानंतरच्या सोमवारी दुपारी दोनच्या आत हव्यात. “नाही जमलं तर सांगा मॅडम, संकोच नको,” ते अतिशय सौजन्याने म्हणाले. “पुण्याचे एक सर तयारच आहेत.”

हे शेवटचे वाक्य उज्वलाताईंना लागले. दुसऱ्याच दिवशी त्यांनी विभागातल्या योगेशला, म्हणजे त्यांच्याच एका जुन्या विद्यार्थ्याला, घरी बोलावले.

योगेशने रेणू काढण्याचे सॉफ्टवेअर संगणकावर बसवून दिले आणि शिकवणीला सुरुवात केली. पण उज्वलाताई माउस खडूसारखा धरीत. त्यांनी कार्बनला चुकून पाचवा बंध जोडला आणि पडद्यावर त्या कार्बनभोवती लाल चौकट उमटली.

“हे काय?”

“मॅडम, ते सांगतंय की कार्बनला चारच हात असतात.”

“मला सांगतंय?” उज्वलाताई पडद्याकडे पाहून म्हणाल्या. “अरे, तुझा जन्म व्हायच्या आधीपासून शिकवतेय मी हे.”

सहादूराव मागे खुर्ची टाकून बसले होते. रसायनशास्त्राशी त्यांचा संबंध नव्हता. पण पडद्यावर उमटणाऱ्या रेघा इतक्या स्वच्छ होत्या की त्यांना उठवेना. साधी रेघ कुठल्या बटणाने येते, खोडरबर कुठे आहे, एखाद्या रेघेवर साध्या रेघेचे बटण दाबले की ती कशी बदलते, हे सारे त्यांनी मनाशी टिपून ठेवले. पुढचा धडा महत्त्वाचा होता. कागद सपाट, रेणू मात्र सपाट नाही. म्हणून जो बंध वाचणाऱ्याच्या दिशेने पुढे येतो तो पाचरीसारखा जाड होत जाणारा काढायचा, आणि जो कागदामागे जातो तो तुटक. योगेश हे सांगू लागला नेमके तेव्हा स्वयंपाकघरात चहाचे दूध उतू गेले आणि सहादूराव गॅस बंद करायला धावले. ते ओटा पुसून परत आले तोवर धडा संपला होता.

उज्वलाताई चिकाटीच्या होत्या. पंधरा दिवस कॉलेजातून आल्यावर त्या संगणकापुढे बसल्या आणि शनिवारी बेचाळिसावी आकृती पूर्ण झाली. रविवारी त्यांना देवळाली कॅम्पला बहिणीकडे जेवायला जायचे होते.

“अहो, एवढं एक करा,” निघताना त्या म्हणाल्या. “फाईल उघडून ठेवलीय. आकृत्यांखालचं शुद्धलेखन तेवढं बघून घ्या. तुमची नजर बारीक.”

सहादूराव हरखले. निवृत्तीनंतर प्रथमच कोणीतरी त्यांना तपासणीचे काम रीतसर सोपवले होते. त्यांनी हात धुतले, चष्मा पुसला, पडद्याचा उजेड वाढवला आणि पहिले पान पाहताच ते खुर्चीत पुढे सरकले. शुद्धलेखन ठीक होते. रेघा ठीक नव्हत्या. एक रेघ सुरुवातीला बारीक आणि पुढे पसरत गेलेली. तिच्याशेजारची तर ठिकठिकाणी तुटलेली. दुसऱ्या पानावर तेच, तिसऱ्या पानावर तेच. ही बाई पंधरा दिवस मान मोडून बसली आणि मशीनने हे केले! प्रकाशकाने पाहिले तर लगेच पुण्याला फोन करील.

तिला फोन करावा, असे त्यांच्या मनात आले. पण बहिणीकडे चार घास खायला गेलेल्या बाईच्या जिवाला घोर कशाला? ते स्वतःच कामाला बसले. प्रत्येक पसरलेल्या रेघेवर साध्या रेघेचे बटण, प्रत्येक तुटलेल्या रेघेवर साध्या रेघेचे बटण. दुपारचे जेवण त्यांनी उभ्याने उरकले. संध्याकाळपर्यंत बेचाळीसही आकृत्या आरशासारख्या झाल्या. सदोष कागद मागे राहू द्यायचा नाही, ही त्यांची जन्माची सवय. म्हणून त्यांनी पेनड्राइव्हवरची जुनी प्रतही काढून टाकली, तिथे नवी ठेवली आणि संगणकावरची कचराटोपली रिकामी केली. उज्वलाताई परतल्या तेव्हा ते एवढेच म्हणाले, “सगळं बघितलं. आता एकही दोष नाही.”

“तुम्ही आहात म्हणून बरं,” उज्वलाताई म्हणाल्या. सहादूरावांना रात्री छान झोप लागली.

सोमवारी कॉलेजला रजा टाकून उज्वलाताईंनी पाठवण्याआधी फाईल एकदा उघडली. पहिल्या पानावर शेजारी शेजारी दोन रेणू होते. खाली त्यांनीच लिहिलेले वाक्य होते : ‘या दोन रेणूंमधील फरक विद्यार्थ्यांनी नीट पाहावा.’

त्यांनी नीट पाहिले. फरक नव्हता. दोन्ही रेणू हुबेहूब एक होते. त्यांनी भराभर पाने उलटली. जोडीमागून जोडी, दोन्ही बाजू सारख्याच. दोन वेगळ्या गोष्टी वेगळ्या का आहेत, एवढे सांगण्यासाठी लिहिलेल्या प्रकरणात आता कुठेही दुसरी गोष्ट नव्हती.

“अहो!”

त्या हाकेने सहादूराव दाढीचा साबण गालावर ठेवूनच आले.

“माझ्या पाचरी कुठं गेल्या? आणि तुटक रेघा?”

“काढल्या की,” सहादूराव अभिमानाने म्हणाले. “आधी सांगितलं नाही, म्हटलं तुला उगाच टेन्शन. शाई पसरली होती गं सगळीकडे.”

“संगणकात शाई?”

 हा प्रश्न सहादूरावांना काल पडायला हवा होता, हे त्यांच्या साबणाच्या चेहऱ्यावरूनही दिसले.

उज्वलाताईंनी योगेशला फोन लावला. “मॅडम, कंट्रोल झेड करा,” तो म्हणाला. पण फाईल कालच बंद करून झाली होती, आता मागे जाता येत नव्हते. “मग पेनड्राइव्ह?” उज्वलाताईंनी नवऱ्याकडे पाहिले. नवऱ्याने छताकडे पाहिले. “कचराटोपली तरी बघा,” योगेश म्हणाला.

“ती पण रिकामी केली,” सहादूराव पुटपुटले. “बाद माल ठेवत नसतात.”

उज्वलाताईंनी फोन ठेवला. त्या ओरडल्या असत्या तर सहादूरावांना सोपे गेले असते. त्या म्हणाल्या, “पुसलंत ना तुम्हीही.” एवढेच म्हणून त्या संगणकाकडे वळल्या.

सहादूराव तोंड धुऊन आले आणि दारात उभे राहिले. “पण उज्वला, मला एक कळू दे. एक रेघ सरळ केली तर एवढं काय बिघडतं? रेणू तोच ना?”

उज्वलाताईंनी घड्याळाकडे पाहिले, आणि तरीही त्या उठल्या. समोरच्याला कळले नसताना पुढे जाणे त्यांना कधी जमले नव्हते. स्वयंपाकघरात त्यांनी दोन उकडलेले बटाटे घेतले. प्रत्येकात चार दातकोरण्या खोचल्या आणि टोकांना एक हिरवे द्राक्ष, एक काळे द्राक्ष, एक लसणाची पाकळी आणि एक भिजवलेला शेंगदाणा लावला. दुसऱ्या बटाट्यावर फक्त दोन द्राक्षांची अदलाबदल केली.

“माल तोच आहे ना दोन्हींत? मग हा बटाटा त्या बटाट्यासारखा फिरवून दाखवा. सगळं जागच्या जागी आलं पाहिजे.”

“त्यात काय!” सहादूरावांनी बटाटे हातात घेतले.

उज्वलाताई कामाला लागल्या. मागून सहादूरावांचे पुटपुटणे ऐकू येत होते. द्राक्षे जुळत तेव्हा लसूण शेंगदाण्याच्या जागी जाई. लसूण जुळवला की द्राक्षे उलटत. त्यांनी बटाटा उताणा केला, पालथा केला, उजेडाखाली धरला. एकदा गुपचूप द्राक्षे बदलून पाहिली आणि प्रामाणिकपणे पुन्हा होती तशी लावली. बऱ्याच वेळाने ते दोन्ही बटाटे घेऊन शेजारी येऊन बसले.

“नाही जुळत,” ते खालच्या आवाजात म्हणाले.

“या एका रेणूचा वास पुदिन्याचा असतो,” उज्वलाताई पडद्यावरून नजर न काढता म्हणाल्या, “आणि त्याच्या या जोडीदाराचा शहाजिऱ्याचा. दोघांत फरक फक्त एका रेघेचा. एकात पुढे आलेली, दुसऱ्यात मागे गेलेली.”

“आणि मी दोन्हींना सपाट केलं.”

“बेचाळीस वेळा.”

सहादूरावांनी बटाटे टेबलावर ठेवले. तेव्हा त्यांच्या ध्यानात आले की उज्वलाताईंचा हात माउसवर भराभर चालतो आहे. पंधरा दिवस जो हात अडखळत होता तो आता सराईतासारखा बटणावर जात होता : पाचर, तुटक, पुढची आकृती. रागाच्या भरात त्या सॉफ्टवेअरला विसरल्या होत्या आणि फळ्यावर काढावे तसे काढीत होत्या. चौतिसाव्या आकृतीशी सहादूराव पुढे वाकले.

“थांब. ही रेघ शेजारच्या रेणूत पाचर आहे. इथं सरळ राहिली.”

उज्वलाताईंनी पाहिले. खरेच राहिली होती. त्यांनी ती दुरुस्त केली आणि त्या म्हणाल्या, “बसा इथंच. पण हात लावायचा नाही.”

सहादूरावांनी हात पाठीमागे बांधले. दोनला थोडा अवकाश असताना फाईल गेली. दोघांनी उरलेल्या उकडलेल्या बटाट्यांची भाजी केली. दातकोरणीवाले दोन मात्र सहादूरावांनी बाजूला ठेवले.

जेवण होते न होते तोच प्रकाशकाकडून सनीचा फोन आला. पाने जुळवण्याचे काम तो करी.

“मॅडम, फाईल मिळाली. पण लय खराब आलीय हो. काही रेघा जाड झाल्यात, काही फाटल्यात. टेन्शन घेऊ नका, मी सरळ करून घेतोय. चार पानं झाली पण. संध्याकाळी छपाईला जाणार ना.”

उज्वलाताईंच्या तोंडून शब्द फुटण्याआधी सहादूरावांनी फोन ओढून घेतला. नाशिकरोडला आयुष्य गेले होते, पण चिडले की त्यांच्या तोंडी मूळ गावाची, पळशाची, भाषा येई.

“ए भाऊ! हात काढ त्या माउसवरून! ती रेघ तुटलेली नाय, तुटक हाय! शाई पसरलेली नाय, ती पाचर हाय! संगणकात शाई कुठून येईल रे?”

“तुम्ही कोण, काका?”

“मी तपासणीस,” सहादूराव म्हणाले. “आलोच.”

त्यांनी शर्ट चढवला, दोन्ही बटाटे स्टीलच्या डब्यात जपून ठेवले आणि स्कूटर काढली. “अहो, मी मूळ फाईल परत पाठवते, तुम्ही कशाला जाता?” उज्वलाताई गॅलरीतून म्हणाल्या. “फाईलला काय कळतंय!” खालून उत्तर आले. “त्या पोराला बटाटा दाखवल्याशिवाय समजायचं नाही.”

फाईल पुन्हा पाठवून उज्वलाताई वाट पाहत बसल्या. पुसला जाणारा फळा इतकी वर्षे त्यांना सोसला होता. ही संध्याकाळ सोसेना. दिवेलागणीला फोन वाजला. मागे मशीनचा खडखडाट होता.

“उज्वला, सगळी पानं उजेडाखाली धरून बघितली,” सहादूराव ओरडून सांगत होते. “सनी एक तास बटाटा फिरवत होता. शेवटी म्हणाला, काका, नाही जुळत. एक द्राक्ष खाल्लं त्यानं, पण ते समजल्यावर खाल्लं.”

“आणि आकृत्या?”

“छापल्या,” सहादूराव म्हणाले. “सगळ्या तुटक्या रेघा शाबूत आहेत.”