छकुलीवरचं फूल

चांगुणाबाई सोनाळ्याहून सकाळच्या एसटीनं जळगाव जामोदला आली आणि गजेंद्रच्या व्हिडिओ स्टुडिओत शिरली. माणिकरावांच्या पंचाहत्तरीची फिल्म इथं बनत होती. तिच्यात त्यांच्या घराच्या वास्तुपूजेची जुनी कॅसेट घेतली आहे, हे तिच्या कानावर आलं होतं. त्या पूजेला माणिकरावांशेजारी चांगुणाबाईच बसली होती, मांडीवर वर्षाची छकुली घेऊन. पुढच्याच साली त्यांनी दुसरी बायको आणली आणि मायलेकींना सोनाळ्याला माहेरी धाडलं. तिथं छकुली तापानं गेली. तिचा साधा फोटोही कुणी काढला नव्हता.

“बाबू, मले फक्त लेकीचं तोंड पाहू दे. आता आठवाले गेलं तं दुसऱ्याच पोरींचे तोंडं येतात डोळ्यापुढं.”

गजेंद्रनं नजर चुकवली. “मावशी, साहेबांनी तुमच्या दोघींवर फूल टाकाले लावलं, तुम्ही दिसू नये म्हून.”

“काऊन? तुकडाच काढून टाकायचा होता!”

“त्यात त्यांची माय त्यांले ओवाळते. मायचं हालतं चित्र त्यांच्यापाशी तेवढंच हाये.” मग तो हळूच म्हणाला, “कॅसेटची फीत तं तुटली, पण बिनफुलाचं कॉम्प्युटरात हाये. साहेब फिल्म पाहाले येऊन राह्यले. ते गेले की दाखवतो. तवलोक हे पाहा.”

पडद्यावर सासू आरती ओवाळू लागली. समोर पाटावर तरणे माणिकराव. त्यांच्या शेजारी, लग्नाच्या व्हिडिओत फिरतं तसलं लालभडक गुलाब गरगरत होतं. चांगुणाबाई नाक टेकेल इतकी वाकली. पाकळीखालून काहीतरी बाहेर आलं, हललं, परत आत गेलं.

“अवं माय! पाय हाये तिचा!” ती ओरडली. “वाळा झटकून राह्यली पाह्य! असंच झटके माही छकुली!”

“कुठी?”

दारात माणिकराव उभे होते. आवाज मऊ होता. “मले नाही दिसला. दाखव बरं, चांगुणा.”

घरातून काढल्यापासून त्यांनी तिला नावानं हाक मारली नव्हती. तिला वाटलं, शेवटी बापच आहे. गजेंद्र डोळ्यांनी नको नको म्हणत होता, तिकडं तिचं लक्षच नव्हतं. तिनं पदरानं काच पुसली आणि बोट टेकवलं. “हे पाहा. इथं, पाकळीखाली.”

“हाव, दिसते.” माणिकराव गजेंद्रकडं वळले. “फूल मोठं कर. पोरं, सुना बसतीन समोर. आणि बिनफुलाचं पुसून टाक. आत्ता, माह्यासमोर.”

“साहेब, मावशीले एकदा तरी...”

“तुले या गावात धंदा करायचा हाये की नाही बे?”

गजेंद्रनं माउस हलवला. चांगुणाबाईचं बोट काचेवरच होतं. त्याच्याखाली फूल फुगत गेलं आणि पाय झाकून गेला. मग त्यानं आणखी एकदा बटण दाबलं. तिनं विचारलं, “गेलं?”

माणिकरावांनी खुर्ची पुढं ओढली आणि चष्मा पुसला.

“आता मायचं पुन्हा लाव,” ते म्हणाले.