जावईबापूंचं स्टेअरिंग

उत्तमरावांना सांगितलेलं ऐकायची सवय नव्हतीच, आणि गाडी घेतल्यापासून तर न सांगितलेलंही त्यांना आधीच ठाऊक असायचं. गाडी जुनी, कुण्या डॉक्टरानं वापरून सोडलेली. पण काचीगुड्याच्या गल्लीत शिरताना हॉर्न असा द्यायचे की पोरंबाळं, कोंबड्या, सगळी कडेला. उतरले की आधी चाकांकडं बघायचे, मग काचेकडं, आणि नजर उरलीच तर सासूकडं. ‘जयभीम’ म्हणायचे तेही गाडीच्या टपावर हात ठेवून.

चतुराबाईला हे सगळं दिसायचं. पंच्याहत्तरी गाठलेल्या बाईला ओट्यावर बसून दुसरं काम तरी काय? पण ती बोलत नसे. भाजीवाल्यापासून नगरसेवकापर्यंत कुणालाही सोलून काढणारी तिची जीभ जावयापुढं मात्र दातांआड जाऊन बसायची. कारण साधं होतं. नांदेडला तिच्या भाच्याच्या लग्नात उत्तमरावांची खुर्ची दुसऱ्या रांगेत गेली, एवढ्यावरून ते न जेवता उठले आणि पुढं दीड वर्ष काचीगुड्याला फिरकले नाहीत. ते आले नाहीत म्हणून पंचफुलाही आली नाही. एकुलती एक लेक सिकंदराबादच्या बाजारात चोरून भेटायची, ते दिवस चतुराबाई विसरली नव्हती.

तेव्हापासून घरात एक नेमच पडून गेला. जावयाला काही सांगायचं झालं तर ते लेकीला सांगायचं, पण जावयाच्या कानावर पडेल इतक्या मोठ्यानं. “पंचफुला, ऊन लई झालंय गं, डोक्याला काही घेतलंय का कुणी?” मग उत्तमराव आपल्याच मनात आल्यासारखी टोपी घालायचे. मानही राहायचा, डोकंही.

त्या गुरुवारी दोघं काचीगुड्याला आले ते दाखल्यांसाठी. राज्याचे दोन तुकडे होऊन सात महिने झाले होते आणि आता नोकरदारांची वाटणी चालली होती. इमारती जागेवर राहिल्या, आतल्या माणसांच्या याद्या निघाल्या. हा इकडचा, तो तिकडचा. पंचफुला सरकारी कचेरीत बावीस वर्षं काम करत होती, आणि तिचं नाव पडलं तिकडच्या, समुद्राकडच्या राज्याच्या यादीत. का, तर बाप नागोराव रेल्वेत. त्यांची बदली तिकडच्या गुंतकलला झाली तेव्हा आठवी-नववी ती तिथं शिकली. बाकी सारी शाळा काचीगुड्यात, पण यादी करणाऱ्याला नेमकी तेवढी दोन वर्षं सापडली. तिनं घेतलेली हरकत ऐकायची वेळ आज दुपारी तीनची. शाळेचे मूळ दाखले घेऊन हजर राहायचं. नाही राहिलं तर नाव तिकडंच कायम. मग आज ना उद्या समुद्राकडच्या कुठल्या तरी गावी बदली. नागोराव जाऊन नऊ वर्षं झालेली. चतुराबाईच्या वाट्याला मग भिंती उरायच्या.

राज्य मोडताना तिनं याआधी एकदा पाहिलं होतं. नवी नवरी होती ती. नांदेडकडचं माहेर एका सकाळी मुंबईच्या राज्यात गेलं आणि ती इकडं राहिली. माहेरी जायची गाडी तीच होती, डबा तोच, शेजारी बसणारी माणसंही तीच. पण तेव्हा तिला कुणी विचारलं नव्हतं की बाई तू कुठं शिकलीस. विचारलं असतं तर दुसरीपर्यंत, एवढंच सांगायचं होतं.

दाखले ट्रंकेतून काढून लगेच निघता आलं असतं. पण जावई दारातून उपाशी जातो होय? सकाळपासून मटण शिजत होतं. उत्तमरावांनी दोनदा वाढून घेतलं, सावकाश हात धुतला, आणि पावणेदोनला गाडीत जाऊन बसले. कचेरी वीस-पंचवीस मिनिटांवर. वेळ भरपूर होता.

किल्ली आत गेली, पण फिरेना.

उत्तमरावांनी ती काढली, पँटला पुसली, फुंकली, परत घातली. स्टेअरिंग धरून हिसका दिला. तेही दगडासारखं घट्ट.

“काय झालं गं पंचफुला?” ओट्यावरून चतुराबाईनं विचारलं.

“काही नाही माय. चावी फिरंना झालीय.”

“बॅटरी उतरली,” उत्तमरावांनी समोरच्या काचेला सांगितलं.

गल्लीच्या पलीकडं ख्वाजाभाई आपल्या ऑटोत पाय वर घेऊन चहा पीत होता. चाळीस वर्षं ऑटो चालवलेला माणूस. त्याला आवाज ऐकूनच इंजिनाचं पोट कळायचं. तो कप ठेवून ओट्याशी आला.

“अम्मा, बॅटरी-गिटरी कुछ नै. स्टेरिंग लॉक हुआ सो है. साब उतरते वखत स्टेरिंग पकडके उठे ना, मैं देखा, तबीच हुआ. ऊपर से पहिया नाली के पत्थर कू टेक के खडा है. चाबी पे जोर नक्को. स्टेरिंग कू हल्लू हल्लू इधर-उधर हिलाना, हिलाते हिलाते चाबी घुमाना. दो मिनट का काम.”

“हळू बोल.”

“मैं जाके बोलतौं ना साब कू.”

“चूप बस ख्वाजा. जावई हाय आमचा.”

“तो क्या हुआ? जवाई की गाडी अलग बनती क्या?”

चतुराबाईनं त्याच्याकडं असं पाहिलं की तो दोन पावलं मागं सरला. मग तिनं घसा साफ केला आणि नेमाप्रमाणं आवाज चढवला. “पंचफुला, म्हणे कुणाकुणाच्या गाडीत स्टेअरिंग हलवत हलवत चावी फिरवतात गं!”

पंचफुला डाव्या खिडकीशी दाखल्यांची फाईल छातीशी धरून उभी होती. उत्तमराव म्हणाले, “ते जुन्या गाड्यांत.”

“ही काय काल जन्मली?” चतुराबाई पुटपुटली. ते फक्त ख्वाजाभाईनं ऐकलं आणि तो तोंड फिरवून हसला.

सव्वादोन झाले. उत्तमरावांनी गाडी विकणाऱ्या माणसाला फोन लावला, तो उचलेना. त्यांनी बॉनेट उघडलं, आत बराच वेळ पाहिलं, बंद केलं. समोरच्या माडीवर दोन बायका येऊन उभ्या राहिल्या. उत्तमरावांना त्या दिसल्या, आणि त्यानंतर त्यांनी किल्लीवर जी ताकद लावली ती पाहून ख्वाजाभाई ओरडला, “टूटती साब!”

“ज्याचं काम त्यानं करावं,” उत्तमराव म्हणाले.

ख्वाजाभाई चतुराबाईकडं वळला. “अम्मा, बेटी कू मेरे ऑटो में बिठाव. पौन घंटा है, बीस मिनट में छोडतौं.”

पंचफुलानं आईकडं पाहिलं. एका शब्दाचं काम होतं. पण माडीवर बायका उभ्या, गल्ली सगळी दारात आलेली, आणि जावयाला बंद गाडीत सोडून लेक ऑटोत बसून जाणार. दीड वर्ष गेलं होतं एका खुर्चीपायी. याला किती जाईल? चतुराबाईनं मान हलवली. नाही.

अडीच वाजले. उत्तमरावांनी किल्ली बाहेर काढली तेव्हा ती उन्हात धरून पाहिली. मधून जराशी वाकली होती.

तेव्हा चतुराबाई ओट्यावरून उतरली. चपला न घालताच गाडीपाशी गेली, काचेवर बोटानं टकटक केली, आणि नांदेडच्या लग्नानंतर पहिल्यांदा जावयाशी थेट बोलली.

“जावईबापू, खाली उतरा.”

“मामी, यातलं तुम्हाला काय कळतं?”

“मला नाही कळत. म्हणूनच मी आत बसलेली नाही. उतरा.”

उत्तमराव उतरले, स्टेअरिंगला धरून न उठता, कसेबसे. चतुराबाईनं हाक मारली, “ख्वाजा, ये.”

“राहू द्या ख्वाजाभाई,” पंचफुला म्हणाली. तिनं फाईल आईच्या हातात दिली, नवऱ्याच्या हातातली किल्ली घेतली आणि गाडीत जाऊन बसली. किल्ली दाराच्या कडेवर दाबून सरळ केली, आत घातली. एका हातानं स्टेअरिंग बोटभर डावीकडं, बोटभर उजवीकडं, जसं पाळण्याला झोका द्यावा. दुसऱ्या हातात किल्ली नुसती धरलेली. कुठंतरी खट् झालं. किल्ली फिरली. गाडी सुरू झाली.

“वा बेटी!” ख्वाजाभाई म्हणाला.

चतुराबाई खिडकीशी वाकली. “तुला येत होतं?”

“येतं माय. तिसऱ्यांदा झालं हे. कुकटपल्लीला घरी लॉक मीच काढते.”

“आणि मग पाऊण तास तोंड शिवून उभी राहिलीस?”

पंचफुलानं गिअर टाकला. “तिथं पार्किंगमध्ये कुणी नसतं. इथं तू ओट्यावर होतीस.”

उत्तमराव मुकाट्यानं डावीकडं जाऊन बसले. फाईल त्यांच्या मांडीवर आली. गाडी उतारावरून स्टेशनकडं गेली, हॉर्न न वाजवता.

चतुराबाई पाच वाजेपर्यंत ओट्यावर बसली. चहाही केला नाही. जावयाला शिकवू नये हे चतुराबाईनंच लेकीला शिकवलं होतं, आणि लेक चांगली शिकली होती. इतकी चांगली, की आपली नोकरी डोळ्यांदेखत तिकडं जाताना ती हूं की चूं करत नव्हती. यात जावयाला दोष द्यावा तर किती द्यावा, हे तिला ठरवता येईना.

साडेपाचला दोघं परत आले. पंचफुलाचं नाव दोनदा पुकारून झालं होतं. तिसऱ्यांदा पुकारलं तेव्हा ती दारात पोहोचली आणि धापा टाकत “हजर” म्हणाली. साहेबानं दाखले उलटसुलट पाहिले, गुंतकलची दोन वर्षं बोटांवर मोजली, आणि तिकडच्या यादीतल्या तिच्या नावावर तिच्यासमोर लाल रेघ ओढली. नाव इकडच्या यादीत चढलं.

“जरा टायमिंगचं होतं ते,” उत्तमराव खुर्चीत टेकत म्हणाले. त्यांचा आवाज पुन्हा जागेवर आला होता. “पण मी नामपल्लीकडून असा रस्ता सांगितला की सिग्नलच लागला नाही. आणि ते स्टेअरिंगचं म्हणाल मामी, तर मी ताकद लावून आधी सैल केलेलं होतं, म्हणून हिच्या हातानं...”

पंचफुलानं सवयीनं मान खाली घातली.

“पंचफुला, वर बघ,” चतुराबाई म्हणाली. मग ती जावयाकडं वळली. गल्लीला ऐकू जाईल असा आवाज चढवला नाही, लेकीचं नाव मधे घेतलं नाही.

“जावईबापू, तुमच्यापेक्षा गाडी तिला चांगली येते. उद्यापासून किल्ली तिच्याकडं राहील. रुसायचं असलं तर खुशाल रुसा, पण मागच्या सीटवर बसून.”