रमाकांतचा नंबर

'मानवी हक्क कुणी कुणाला देत नसतं. ते माणसाबरोबर जन्माला येतात,' डॉ. दौलत गमरे म्हणाले, आणि घोडपदेवच्या आमच्या चाळीतली ती सकाळ आता इतिहासात जाणार, अशी माझी खात्री झाली.

'पाणी मात्र सहाक येता आणि बघता बघता जाता,' नळापाशी उभा असलेला राजाराम परब म्हणाला. 'बादली सरकवा.'

दौलतरावांनी सरकवली.

दौलतराव याच चाळीत वाढले. तत्त्वज्ञान शिकले, शिकवलं, मग सरकारने त्यांना राजदूत केलं. कधी न पाहिलेल्या, कुठकुठल्या तुरुंगांत पडलेल्या माणसांसाठी ते जिनिव्हात बसून जन्मभर भांडले आणि त्यातली बरीच माणसं सुटलीसुद्धा. निवृत्त झाल्यावर ते आईच्या खोलीत परत आले. चाळीने त्यांना शाल दिली, श्रीफळ दिलं आणि नळावर नंबर दिला.

आमच्याकडे रांगेत माणसं नसतात, बादल्या असतात. ऑइलपेंटने नावं घातलेल्या. मालक वर चहा पीत असला तरी शेजारी त्याची बादली पुढे सरकवतो. बादली आहे म्हणजे माणूस आहे.

शेवंतीची बादली नव्हती. कोपऱ्यातल्या खोलीत ती पोटभाड्याने राहते, जेवणाचे डबे करते. पोटभाडेकरूंना नंबर नाही, हा चाळकमिटीचा नियम. आणि राजाराम म्हणजेच कमिटी. सगळ्यांचं भरून होईपर्यंत नळ सुस्कारे टाकायला लागतो. मग ती शेजारच्या चाळीतून पाणी वाहायची, डबे उशिरा जायचे, गिऱ्हाइकं गळत होती. महिनाअखेर खोली सोडून गावी जायचं तिने ठरवलं होतं. मुलगी आकांक्षा दहावीत.

रविवारी दौलतरावांनी सभा बोलावली. ग्रीकांपासून सुरुवात केली, बुद्धापाशी बराच वेळ रमले आणि घटनेवर येऊन थांबले. कडकडून टाळ्या पडल्या. मग शेवंतीला नंबर द्यावा असं वाटणाऱ्यांनी हात वर करायचे होते. टाळ्यांनी दमलेले हात काही वर येईनात.

'भाषण झ्याक झालां, सायबानू,' राजाराम म्हणाला. 'पण नियम तो नियम.'

दौलतराव खचतील असं वाटलं होतं. ते म्हणाले, 'ठीक. आता कामाला लागू,' आणि राजारामला कोपऱ्यावरच्या हॉटेलात चहाला घेऊन गेले. मीही गेलो. चहा दुसऱ्याचा असला की मला चाळीच्या प्रश्नांची कळकळ वाटते.

दुसऱ्या कपाला राजाराम 'सायबानू'वरून लहानपणीच्या नावावर उतरला. 'दौलत्या, वाईट माकाय वाटता. पण एकीक नवो नंबर दिलो की सगळे येतले. आणि लोक म्हणतले, परब नरमलो.'

'नवा देऊच नकोस. त्या खोलीचा जुना कुठे गेला?'

'रमाकांतचो? तो इरारात जाऊन वर्षां झाली.'

'तो गेला रे. नंबर रद्द केलास?'

शेवंतीच्या खोलीचा मूळ भाडेकरू रमाकांत, आता विरारला राहणारा. त्याचा नंबर रद्द करायचं कुणाच्या डोक्यातच आलं नव्हतं.

'असे देश असतात,' दौलतराव बशीत चहा ओतत म्हणाले. 'सरकार परागंदा, पण खुर्ची शाबूत. आपण फक्त खुर्ची पुसायची.'

'म्हणजे मी नरमलंय नाय.'

'तू? तू तर नियम पाळतोयस.'

रमाकांतने फोनवर होकार दिला. आपण अजून नळावर आहोत हे ऐकून त्याला गहिवरून आलं.

सोमवारी रांगेत एक कोरी बादली होती, तिच्यावर ओल्या रंगात त्याचं नाव. 'रमाकांतची बादली सरकवा रे,' राजारामने हुकूम सोडला, आणि रविवारी ज्यांचे हात वर आले नव्हते त्यांनीच वाकून ती सरकवली. हां हां म्हणता शेवंतीचा हंडा ऐन धारेखाली काठोकाठ भरला. गावाचं नाव पुन्हा तिच्या तोंडून निघालं नाही.

दौलतरावांना राहवेना. 'शेवंतीताई, आज जे घडलं ते लहान समजू नका. जगातल्या प्रत्येक हक्काची सुरुवात अशीच...'

'ते मागनं सांगा, साहेब,' शेवंती म्हणाली. 'आधी हंड्याला हात लावा.'