पणजीचं गाणं

१९५७ सालची गोष्ट. प्सेल नदीकाठच्या आमच्या गावात लेव्को सामिइलोविच आमच्याकडे भाडेकरू म्हणून आले. तरुणपणी त्यांनी एक ऑपेरा रचला होता. कोरसला आमच्याच आसपासच्या खेड्यांतल्या बायका होत्या. पहिल्या प्रयोगाच्या तोंडावर सरकारनं त्यांना पकडून उत्तरेच्या कैद्यांच्या छावणीत धाडलं, स्वरलिपी जाळली. सुटून आले, तरी त्यांचं नाव लागलेलं काहीही गायला बंदी होती.

भिंतीपलीकडून रोज एकच चाल गुणगुणलेली ऐकू यायची. मी विचारलं, तर म्हणाले, "नवरीच्या मैत्रिणींचं गाणं, मोत्र्या. माझ्या एकट्याच्या घशात लंगडतं ते. मरायच्या आधी एकदा बायकांच्या गळ्यातून ऐकायचंय."

"आधी गरम बोर्श्टचं सूप खा," आई म्हणायची. "गाणं काही गार होत नाही."

शरदात माझ्या मामेबहिणीचं, उस्तिनाचं लग्न निघालं. लग्नाचा मोठा पाव फक्त सवाष्णींनी मळायचा. विधवेची किंवा एकट्या माणसाची सावलीसुद्धा पिठावर नको. बाबा युद्धातून परतले नव्हते, म्हणून आई कुंपणापाशीच थांबली. सरपण घेऊन आलेले लेव्को सामिइलोविचही तिथंच उभे राहिले. मी उघड्या खिडकीशी होते.

"ओरिना," आतून पारास्कामावशी आईला ओरडून म्हणाली, "जोडी छान दिसतेय गं! जमवून टाकू का?"

"जमव की. पाव मात्र तूच मळायचास, आणि दगडासारखा नको, मागच्यासारखा!"

बायका खिदळल्या. मग पीठ मळता मळता गायला लागल्या. पहिल्याच ओळीला मी दचकले. भिंतीपलीकडची चाल! फक्त आता ती लंगडत नव्हती. सात गळे तिला दोन्ही बाजूंनी धरून होते.

लेव्को सामिइलोविचांनी कुंपण घट्ट धरलं.

"काय हो, रडताय?" मावशीनं खिडकीतून डोकावून विचारलं. "कांदा तर अजून चिरला नाही."

"गाणं कुणाचं, बाई?"

"कुणाचं म्हणजे? आमच्या पणजीचं!"

"मावशी, हे तर—" मी बोलणार, तोच ते म्हणाले, "मोत्र्या, सरपण आत दे." मग मावशीला हळूच म्हणाले, "शेवटी खालचा सूर जरा लांबवाल?"

"घ्या! आता पुरुष शिकवणार आम्हाला! आमच्यात असंच म्हणतात."

वाटेत मी रागावले. "सांगितलं का नाहीत?"

"माझं नाव कळलं, तर भीतीनं उद्यापासून तोंडं शिवून घेतील. पणजीचं आहे तोवर गातील."

तिसऱ्या हिवाळ्यात ते गेले. त्यांच्या क्रुसापाशी आई आणि मी, दोघीच होतो. आईनं पुन्हा लग्न केलं नाही. उस्तिना नवऱ्याबरोबर दोनबासच्या कोळसाखाणींकडे गेली, तिकडचीच झाली. पारास्कामावशी म्हातारपणापर्यंत गायली, आणि शेवटचा खालचा सूर लांबवायची, कुणी शिकवला ते न सांगता. पुढे शहरातल्या विद्वानांनी ते गाणं ध्वनिमुद्रित केलं. नोंद झाली, 'लोकगीत, कर्ता अज्ञात'. बंदी उठल्यावर मी जाऊन खरं सांगितलं. त्यांनी पुरावा मागितला. पुरावा तर जळाला होता.

माझे यजमान जाऊन आता बरीच वर्षं झाली. गावात लग्न असलं की मीही कुंपणापाशीच थांबते. आत पोरी गातात. खालचा सूर लांबतो, आणि तो संपेपर्यंत मी तिथून हलत नाही.